विद्येलाही जमीन लागते

पावसाच्या तोंडावर कर्जत-खोपोलीच्या बाजारात कातकरी आणि ठाकर बाया शेवळांच्या जुड्या घेऊन बसतात. शेवळं नीट केली नाहीत तर घसा खाजतो, म्हणून सोबत काकडाची आंबट फळंही विकतात. कोंब केव्हा खुडायचा, खाज कशाने मारायची, हे त्यांना आई-आजीने रानात हिंडताना शिकवलेलं असतं. पुढे टाकळा, भारंगी, कंटोळी येतात, पहिल्या मोठ्या पावसात वळगणीचे मासे शेतांत चढतात आणि ओढ्यांत खेकडे सापडू लागतात. रानाचं हे सगळं वेळापत्रक त्यांना पाठ असतं.

उत्तर ध्रुवाकडच्या इन्युइट लोकांविषयी आपण आदराने वाचतो. कुठला बर्फ पेलेल आणि कुठला दगा देईल, श्वास घ्यायला सील कोणत्या भोकाशी येईल, ही त्यांची जाण आपल्याला थोर वाटते. तशीच जाण खालापूरच्या डोंगरउतारांवरल्या वाड्यांत आहे. तिथल्या माणसांना मात्र आपण मागास म्हणून मोकळे होतो.

हे मागासलेपण लादलेलं आहे. कातकरी खैरापासून कात काढायचे. 1878 च्या वन कायद्याने जंगलावर सरकारचा ताबा घट्ट झाला आणि त्यांचा हा धंदा बसत गेला. मग कोळशाच्या भट्ट्या आल्या, पुढे विटांच्या. आजही अनेक कुटुंबं उचल घेऊन दिवाळीनंतर वाडी सोडतात आणि पावसाळ्याआधी परततात. त्यात मुलांची शाळा बुडते, हे आपण बोलतो. त्यांचं रानही बुडतं, हे कोणी बोलत नाही. हिवाळा-उन्हाळा भट्टीवर काढणारं मूल कंद ओळखायला कधी शिकणार?

रानभाज्यांचे महोत्सव जरूर भरावेत, नोंदीही व्हाव्यात. पण डोंगरपायथा फार्महाऊसांच्या कुंपणात गेला, ओढ्याची वाट बंद झाली, तर त्या नोंदी घेऊन जायचं कुठे? कॅनडातल्या इन्युइटांनी 1993 च्या करारात जमिनीची मालकी आणि शिकारीचे हक्क मिळवले. 1999 मध्ये त्यांचा नुनावुत हा वेगळा प्रदेश अस्तित्वात आला. आपल्याकडे 2006 चा वनहक्क कायदा आहे, तरी कितीतरी कातकऱ्यांच्या घराखालची जागासुद्धा त्यांच्या नावावर नाही. ती जागा आणि भोवतालच्या रानाचा सामूहिक हक्क त्यांना मिळणं, हीच या संस्कृतीची खरी जपणूक आहे. विद्या जपायची तर ती जिथे वापरली जाते ती जमीन आधी जपावी लागेल.