समुद्र न पाहिलेल्या मुलखातले समुद्राचे शब्द

बडनेरा आणि भुसावळच्या रेल्वे वसाहतींत आजही अशी घरे सापडतात, जिथे आजोबांची नोकरी विचारली तर ‘खलाशी होते’ असे उत्तर मिळते. हे आजोबा जहाजावर कधी चढले नव्हते. डबा उचलायचा, जॅक लावायचा, साखळदंड आवळायचा, जड सामान कप्पीवर घेऊन अलगद जागेवर बसवायचे, अशी कामे करणारा रेल्वेतला माणूस म्हणजे खलाशी. आता कागदोपत्री त्या पदाचे नाव बदलले आहे, पण जुन्या माणसांच्या तोंडी ते तसेच आहे.

हा शब्द मूळचा अरबी वळणाचा आणि समुद्रावरचा. तो जमिनीवर कसा आला याचा माग मात्र स्पष्ट लागतो. शीड चढवणारा, दोरखंड आणि कप्प्या हाताळणारा दर्यावर्दी तंबू ठोकण्यात साहजिकच तरबेज असे. ब्रिटिशांच्या छावण्यांत तंबू उभारणाऱ्यालाही खलाशीच म्हणत. जमीन मोजणीत साखळी धरणारी माणसे याच वर्गातून घेतली जात, म्हणून ती माणसेही खलाशी. पुढे रूळ पडले आणि जड सामान हलवण्याचे काम निघाले, तेव्हा रेल्वेने हेच नाव घेतले. केरळातल्या बेपूरचे मोपला खलाशी पिढ्यान्‌पिढ्या लाकडी जहाजे बांधून ती अंगमेहनतीने पाण्यात लोटत आले. 1988 साली पेरुमण येथे आयलंड एक्सप्रेसचे डबे अष्टमुडी सरोवरात कोसळले, तेव्हा ते बाहेर काढण्याच्या कामात त्यांची मदत घेतली गेली. दर्या, दोर आणि रेल्वेचा डबा यांची गाठ इतकी पक्की आहे.

खलाशी या शब्दाबद्दल एवढे ठामपणे बोलता येते, कारण त्याच्या प्रवासातला प्रत्येक टप्पा दाखवता येतो. समुद्राशी नाते सांगणाऱ्या सगळ्याच व्युत्पत्तींचे असे नसते. अमरावतीत ‘पॉश फ्लॅट’, ‘पॉश वस्ती’ हे शब्द आता सर्रास बोलले जातात. त्यामागची गोष्टही सगळ्यांना ठाऊक असते. विलायतेहून मुंबईला येताना जहाजाच्या डाव्या बाजूची आणि परतताना उजव्या बाजूची, म्हणजे सावलीतली खोली श्रीमंत साहेब राखून ठेवत, आणि त्या इंग्रजी शब्दांच्या आद्याक्षरांवरून पॉश हा शब्द झाला, अशी ती गोष्ट. ऐकायला छान आहे. पण अशी अक्षरे छापलेले एकही तिकीट आजवर मिळालेले नाही, आणि शब्द रूढ झाल्यावर बऱ्याच वर्षांनी ही कथा छापून आली. शब्दाचा इतिहास सांगणाऱ्याने वाट दाखवली पाहिजे. तो कोणाच्या हातून, कुठल्या मालाबरोबर, कुठल्या कामासाठी आला हे सांगता येत नसेल तर ती नुसती कथा राहते.

वऱ्हाडच्या बाबतीत ही वाट शोधणे विशेष मोलाचे आहे. मुंबईहून अकोला रेल्वेने सुमारे 580 किलोमीटर. इथल्या माणसाने पाणी पाहिले ते पूर्णेचे, वर्धेचे, नाहीतर विहिरीचे. म्हणजे इथे समुद्राचा जो शब्द आला, तो कोणीतरी आणला म्हणूनच आला.

या मुलखाला दोन दारे होती. 1724 साली साखरखेर्ड्याची लढाई झाली आणि वऱ्हाड निजामाकडे गेले. पुढची सव्वाशे वर्षे महसुलाचा, कचेरीचा आणि बाजाराचा पुष्कळसा व्यवहार हैदराबादच्या वळणाने चालला. उत्तरेशी बुऱ्हाणपूरच्या बाजूने जुनी ये-जा होतीच. हे जमिनीचे दार. समुद्राचे दार खऱ्या अर्थाने उघडले ते 1853 साली इंग्रजांनी वऱ्हाड आपल्या ताब्यात घेतल्यावर. 1861 साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिथला कापूस लँकेशायरच्या गिरण्यांना मिळेना, आणि वऱ्हाडच्या काळ्या मातीकडे सगळ्यांचे डोळे लागले. 1867 पर्यंत लोहमार्ग अकोला-बडनेऱ्यावरून नागपूरला पोचला. नोव्हेंबर 1869 मध्ये सुएझचा कालवा खुला झाला आणि 1870 च्या आरंभी व्हाइसरॉय लॉर्ड मेयो खामगावच्या रेल्वे फाट्याचे उद्‌घाटन करायला आले. खामगाव तेव्हा अकोला जिल्ह्यात होते. कालवा आणि फाटा यांत जेमतेम काही महिन्यांचे अंतर आहे. खामगावच्या बाजारातून निघालेली गठाण आता थेट समुद्राला जोडली गेली.

या दोन दारांतून आलेले शब्द कधीकधी एकाच जागी समोरासमोर उभे दिसतात. अकोल्याच्या बाजार समितीचे यार्ड घ्या. तुरीचे ढीग लागलेले असतात. व्यापारी ढिगात कोपरापर्यंत हात घालतो, तळातली मूठ वर काढतो, तळहातावर घोळवून माती-कचरा फुंकतो, एक दाणा दाताखाली धरून ओल पाहतो. अडत्या भाव पुकारतो, बोली चढत जाते, हमाल-मापारी काट्याशी ताटकळत उभे असतात. या सगळ्याला फलकावर, नोटिशीत आणि वर्तमानपत्रात लिलाव म्हणतात. जुना शेतकरी मात्र हर्रास म्हणतो. ‘हर्रास झाली का?’ असे विचारतो.

लिलाव हा पोर्तुगीज लैलांव. गोवा, वसई, चौल या किनाऱ्यांवरून तो मराठीत आला, मुंबईच्या कचेऱ्यांत स्थिरावला आणि इंग्रजी अमलाबरोबर वऱ्हाडात उतरला. हर्रास हा अरबी हराज, दख्खनी उर्दूतला हर्राज. तो हैदराबादच्या वाटेने आला. आता खरी गंमत पाहा. पोर्तुगीजांचा लैलांव तरी कुठला? आयबेरियात मुसलमानी राजवट होती तेव्हा तो अरबीतूनच उचललेला, जाहीर करणे या अर्थाच्या शब्दावरून, असे कोशकार सांगतात. म्हणजे एकाच भाषेतले दोन शब्द. एक लिस्बनला वळसा घालून आफ्रिकेच्या टोकावरून समुद्रमार्गे आला, दुसरा जमिनीवरून चालत आला, आणि दोघे अकोल्याच्या यार्डात तुरीच्या ढिगापाशी भेटले. जगाचा एवढा मोठा प्रवास दोन शब्दांत सामावलेला मला दुसरीकडे क्वचितच दिसला आहे.

पोर्तुगीज जहाजांनी किनाऱ्यावर उतरवलेल्या शब्दांपैकी वऱ्हाडात घट्ट रुजले ते बहुतेक कामाचे आहेत. पगार, मेस्त्री, घमेले, पिंप, बादली, चावी, तुरुंग. यातले पिंप म्हणजे मूळचा दारूचा नाहीतर पाण्याचा लाकडी बुधला, जहाजाच्या पोटात रचून ठेवायचा. हे शब्द एकत्र वाचले की बांधकामाची जागा नजरेसमोर येते. पूल, स्टेशन, जिनिंग-प्रेसिंगचे कारखाने, कचेऱ्या, जेल. मुंबईकडून आलेला मेस्त्री हाताखालच्या माणसांशी ज्या शब्दांत बोलला, ते शब्द मजुरीबरोबर घरी गेले. ते नुसत्या कुतूहलाने आले नाहीत, पोट भरायच्या कामाबरोबर आले.

स्वयंपाकघरात मात्र चित्र उलटे दिसते, आणि मला मुख्यतः बोलायचे आहे ते याबद्दल. बटाटा, पेरू, टोमॅटो ही सगळी अमेरिकेची पिके. पोर्तुगीजांच्या आणि इतर युरोपीयांच्या जहाजांतून ती इकडे आली. कोकणात, देशावर बटाटा म्हणतात. वऱ्हाडात आलू म्हणतात. मुंबईचा तो बटाटवडा, अमरावतीच्या गाडीवर तर्रीत बुडवून मिळतो तो आलूबोंडा. पेरूला इथे जाम किंवा जांब म्हणतात, टोमॅटोला टमाटर. कोबीतला पोर्तुगीज ‘कोव्ह’ इथवर पोचला खरा, पण एकटा नाही. पत्ताकोबी, फुलकोबी असा उत्तरेचा जोडीदार घेऊन पोचला. म्हणजे पीक समुद्रावरून आले आणि त्याचे नाव जमिनीवरून. किनाऱ्याच्या शब्दाची चाल वाटेतच कुठेतरी थांबली.

एखादी अमरावतीची मुलगी पुण्याच्या वसतिगृहात राहायला जाते आणि जेवताना ‘आलूची भाजी’ म्हणते. लगेच कोणीतरी दुरुस्ती करते, ‘हिंदी कशाला बोलतेस? मराठीत बटाटा म्हणतात.’ हे इतक्या वेळा, इतक्या घरांत घडले आहे की वऱ्हाडी माणूस ती दुरुस्ती निमूटपणे मान्य करतो. तो मान्य करतो हेच मला सलते. बटाटा हा कॅरिबियन बेटांवरच्या लोकांचा शब्द. तो त्यांच्याकडे रताळ्यासाठी होता. स्पॅनिश-पोर्तुगीज खलाशांनी तो उचलला, गोंधळून दुसऱ्याच कंदाला लावला आणि गोव्याला आणला. आलू हा संस्कृतातल्या ‘आलु’चा, म्हणजे खाण्याजोग्या कंदाचा वारस. यात अस्सल कोण आणि उपरा कोण? बटाटा मराठी आहेच, पिढ्यान्‌पिढ्या जिभेवर वागवल्यावर तो दुसरा कोणाचा असणार! पण त्याच न्यायाने आलूही मराठी आहे. एका शब्दाने समुद्राची वाट घेतली म्हणून तो प्रमाण, आणि दुसऱ्याने जमिनीची घेतली म्हणून तो बोलीतला किंवा हिंदीची भेसळ, हा निवाडा भाषेने दिलेला नाही. तो सत्तेच्या आणि छापखान्याच्या जागेने दिलेला आहे.

मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश 1831 साली मुंबईत निघाला आणि त्याची सुधारलेली आवृत्ती 1857 साली. हे काम थोर आहे, आजही त्याच्यावाचून पान हलत नाही. पण त्या कोशाची पहिली आवृत्ती तयार झाली तेव्हा वऱ्हाड निजामाच्या राज्यात होते. कोश, शाळा खाते, क्रमिक पुस्तके आणि वृत्तपत्रे या सगळ्यांची घडण मुंबई-पुण्याकडे झाली. बंदराजवळची मराठी प्रमाण ठरण्यामागे हे साधे कारण आहे. ते ओळखले की आलूबोंडा म्हणताना जीभ अडखळायचे कारण उरत नाही.

मोर्शी-वरुडच्या बागांतही या दोन वाटा शेजारी शेजारी उभ्या आहेत. जंबेरीच्या खुंटावर डोळा भरलेले संत्र्याचे झाड आणि पलीकडे मोसंबी. मोसंबीचे नाव मोझांबिकशी जोडले जाते. गोव्याला येणारी पोर्तुगीज जहाजे तिथे थांबत. संत्र्याचे नावही पोर्तुगालच्या सिंत्रा गावावरून आले असे पुष्कळदा सांगतात. पण बाबराने आपल्या आठवणींत हिंदुस्थानातल्या फळांमध्ये ‘संगतरा’ नोंदवला आहे, आणि बाबर 1530 मध्ये वारला. पोर्तुगीजांना गोव्यात येऊन तेव्हा जेमतेम वीस वर्षे झाली होती. एवढ्या थोड्या काळात किनाऱ्यावरचा शब्द आग्र्यापर्यंत रुळला असेल, हे मला पटत नाही. मोसंबी समुद्राची, संत्रा जमिनीचा, असाच माझा कौल आहे. आणि बागायतदार स्वतः बहाराचे नाव घेतो ते आंबिया किंवा मिरग. मान्सून हा अरबी मौसिमचा, जहाजे हाकारण्याच्या ऋतूचा शब्द त्याला रेडिओवरून आणि मोबाइलवरून रोज ऐकू येतो. तो मात्र मिरगाचीच वाट पाहतो.

अरबी नावाड्यांचा सुकाणू मात्र इथे अगदी मनापासून स्वीकारला गेला. जून 2017 च्या शेतकरी संपात जी सुकाणू समिती नेमली गेली, तिचे नाव वऱ्हाडातल्या पारापारांवर होते, आणि ते परके कोणालाच वाटले नाही. कर्जाची भाषा मात्र नदीची. कर्ज बुडते, बुडीत खात्यात जाते, सोयाबीन गोदामात ठेवून त्यावर तारण कर्ज मिळते, आणि पीक साधले तर माणूस तरून जातो. हे सगळे पूर्णा-पैनगंगा उतरणाऱ्यांचे शब्द आहेत, त्यांना समुद्र चिकटवण्याची गरज नाही.

शब्दांची ही वाहतूक एकतर्फी नव्हती, हे तर आपण साफ विसरलो आहोत. इंग्रज व्यापारी अमरावतीला उमरावती म्हणत. इथल्या कापसाच्या गठाणी मुंबईत कुलाब्याला, पुढे शिवडीच्या कॉटन ग्रीनला उतरत आणि तिथून जहाजावर चढत. त्या मालाला नाव पडले ‘ऊमरा’. लिव्हरपूलच्या बाजारात भाव निघत ते ऊमराचे, हिंगणघाटचे, धोलेऱ्याचे. केवळ अमरावतीचाच नव्हे, साऱ्या वऱ्हाडचा कापूस ऊमरा म्हणून विकला जाई. यादवी युद्धाच्या काळात लँकेशायरच्या विणकरांनी आखूड धाग्याच्या हिंदी कापसाला सरसकट ‘सुरत’ म्हटले आणि तो शब्द तिथे निकृष्ट मालासाठी वापरला जाऊ लागला. ऊमराच्या वाट्याला निदान ती नामुष्की आली नाही. ज्या गावाने समुद्र पाहिला नाही, त्याच्या नावाने समुद्रापलीकडे सौदे झाले. हे अमरावतीच्या शाळेत मुलांना शिकवले जात असेल तर मला आनंद आहे. नसेल तर शिकवले पाहिजे.

अमरावती जिल्ह्यातल्या रिद्धपूरला आता मराठी भाषा विद्यापीठ सुरू झाले आहे. म्हाइंभटांनी तेराव्या शतकाच्या अखेरीस लीळाचरित्र सिद्ध केले ते याच गावात. ज्यांच्या लीळा त्यांनी गोळा केल्या ते श्रीचक्रधरस्वामी मूळचे भडोचचे, म्हणजे एका जुन्या बंदराच्या गावचे. म्हाइंभट गावोगाव फिरले, आठवणी सांगणाऱ्यांना भेटले, ताडून पाहिले आणि मग लिहिले. वऱ्हाडी शब्दांचे काम याच रीतीने व्हायला हवे. प्रत्येक शब्दापुढे त्याची वाट, माल आणि तो आणणारी माणसे नोंदवली जावीत. हर्रास म्हणणारा शेतकरी, खलाशी म्हणून निवृत्त झालेला रेल्वे कामगार, जिनिंगमधली रेचावाली, म्हणजे सरकी काढायच्या यंत्रावरची बाई अजून आपल्यात आहेत. विद्यापीठाने आणि गावोगावच्या मराठीच्या शिक्षकांनी त्यांच्यापर्यंत आताच पोचावे. दहा वर्षांनी हे शब्द उच्चारणारी माणसे राहणार नाहीत.