अक्षरांचा हत्ती

वरणगांवीं माझ्या मावशींच्या घरीं बसलों असतां त्यांच्या सात वर्षांच्या नातवानें पाटीवर काढलेला एक हत्ती मला आणून दाखविला. पाय, पोट, सोंड, कान, सारें अक्षरांचेंच होतें. शाळेंत शिकलेलीं सगळीं अक्षरें त्यानें त्या एका देहांत कोंबलीं होतीं, आणि हा हत्ती जिवंत असून भुसावळएवढा मोठा आहे, असें त्याचें सांगणें होतें. मावशींना लिहितां-वाचतां येत नाहीं. त्यांनीं पाटी बराच वेळ न्याहाळली व सहज विचारलें, एवढा मोठा हत्ती खातो तरी काय? मुलापाशीं उत्तर नव्हतें. माझ्यापाशींही नव्हतें, परंतु तो प्रश्न माझ्याबरोबर घरापर्यंत आला.

मुलाची ही कल्पना महाराष्ट्राला अनोळखी नाहीं. शके 1212 मध्यें नेवाशास सिद्ध झालेल्या ज्ञानेश्वरीच्या आरंभीं जो गणेश उभा आहे, त्याचाही देह वर्णांचाच आहे. ओंकाराच्या तीन मात्रा त्याचे पाय, पोट व मस्तक झाल्या आहेत. स्मृति हे त्याचे अवयव, पुराणें हे त्याचे अलंकार, आणि तर्क हा त्याच्या हातांतील परशु. आपण हें सुंदर रूपक म्हणून वाचतों व पुढें जातों. परंतु अक्षर हें जड चिन्ह नसून चालतें-बोलतें शरीर आहे, असें एकदां मानलें कीं त्याची जबाबदारीही पतकरावी लागते. जें जिवंत आहे तें वाढतें, आणि जें वाढतें त्याला अन्न हें लागतेंच.

अक्षरांचा प्रत्येक प्राणी गणेश नसतो. एकोणिसाव्या शतकांत दख्खनच्या शेतकऱ्यानें याच जातीचें दुसरें एक जनावर पाहिलें. त्याचें नांव कर्जरोखा. तो रात्रंदिवस वाढे. दुष्काळांत गुरें रोडत, पण तो रोडत नसे. निरक्षर कुणब्यानें सहीच्या जागीं नांगराची निशाणी करावी, आणि त्या कागदावरच्या नांगरानें खऱ्या नांगराखालची जमीन ओढून न्यावी, असा तो व्यवहार होता. 12 मे 1875 रोजीं पुणें जिल्ह्यांतील सुपें येथें शेतकरी उठले व हें लोण अहमदनगर जिल्ह्यांतही पसरलें. बहुतेक ठिकाणीं त्यांनीं सावकाराच्या जिवावर हात टाकला नाहीं. त्यांनीं रोखे मागून घेतले आणि जाळले. आपला शत्रु माणूस नसून अक्षर आहे, अशीच जणूं त्यांची समजूत होती.

ही समजूत खरी होती काय? कोणी म्हणेल, अक्षर बिचारें निर्जीव; पाप लिहिणाऱ्याचें. हें म्हणणें सोपें आहे, परंतु अपुरें आहे. लिहिणारा मरतो, रोखा त्याच्या मुलाच्या हातीं येतो, वकील तो वाचतो, न्यायाधीश त्यावर निकाल देतो, आणि यांपैकीं प्रत्येकजण म्हणतो, “माझ्या मनांत कांहीं नाहीं, कागदावर तसें आहे.” पाप असें वांटलें जातां जातां कोणाच्याच पदरीं उरत नाहीं. अक्षराला जीव येतो तो येथें. आपण जी सदसद्विवेकबुद्धि वापरावयाची टाळतों, तीच त्याचें अन्न होते.

तर मग कर्जरोखा आणि गणेश यांत भेद कोणता? ज्ञानेश्वरांच्या मूर्तीकडे पुन्हां पाहिलें म्हणजे तो सांपडतो. त्या गणेशाची सोंड म्हणजे विवेक, त्याचा दांत म्हणजे संवाद, आणि त्या दांताची शुभ्रता म्हणजे समता. रोख्याला हे अवयव नव्हते. तो बोलत होता, ऐकत नव्हता. सन 1879 मध्यें दख्खनच्या शेतकऱ्यांसाठीं जो कायदा झाला, त्यानें रोखे नाहींसे केले नाहींत. दस्तऐवज गांवच्या निबंधकासमोर व्हावा, आणि न्यायाधीशानें केवळ कागदावर न थांबतां कर्जाचा मागील इतिहास तपासावा, असें त्यानें ठरविलें. दुसऱ्या शब्दांत सांगावयाचें तर, त्या जनावराला कान देण्याचा तो प्रयत्न होता.

अक्षर जाळावें, असा याचा अर्थ मुळींच नव्हे. आमच्याच खानदेशांत आसोद्यास जन्मलेल्या बहिणाबाई चौधरी (1880–1951) निरक्षर होत्या. त्यांच्या ओठांवरचीं गाणीं पुत्र सोपानदेव व आप्त यांनीं टिपून ठेवलीं, आणि 1952 सालीं त्यांचें पुस्तक निघालें. टिपून घेणाऱ्यानें आधीं ऐकलें, म्हणूनच तें अक्षर त्या माउलीचें कांहीं न खातां तिला अ-क्षर करून गेलें.

आतां एक कबुली द्यावयाची उरली आहे. पुष्कळ वर्षांपूर्वीं मावशींच्या माहेरच्या शेताचें हक्कसोडपत्र झालें, त्यावर साक्षीदार म्हणून माझी सही आहे. अंगठा उठविण्यापूर्वीं त्यांनीं मला विचारलें होतें, यांत काय लिहिलें आहे? मीं म्हटलें, “कांहीं नाहीं मावशी, रीतीचा कागद आहे, सगळ्याच बहिणी करितात.” मीं खोटें बोललों नाहीं. मीं फक्त वाचून दाखविलें नाहीं.

मावशींनीं हत्तीबद्दल विचारलें तें त्या कागदाची आठवण ठेवून, असें मला वाटत नाहीं. त्यांचा प्रश्न निर्मळच होता. पण त्याचें उत्तर त्या घरांत एकट्या मलाच ठाऊक असावयास हवें होतें. पुढच्या खेपेस वरणगांवीं जाईन तेव्हां त्या कागदाची नक्कल बरोबर नेणार आहें, आणि पहिल्या ओळीपासून शेवटच्या ओळीपर्यंत त्यांना वाचून दाखविणार आहें. शेत त्यानें परत येणार नाहीं. तरीही, ज्या प्रश्नाला त्या दिवशीं उत्तर द्यावयास हवें होतें, त्याला निदान आतां तरी तें मिळेल.