आवाज, वाचा आणि श्रोता

मनुष्याच्या बोलण्यात दोन वस्तू एकत्र नांदतात : एक अर्थ, आणि दुसरा तो अर्थ वाहून नेणारा आवाज. ग्रीक तत्त्वज्ञ अ‍ॅरिस्टॉटल याने आपल्या राजनीतिविषयक ग्रंथात या दोहोंची फारकत केली. सुखदुःख प्रकट करणारा आवाज पशूंनाही आहे. न्याय-अन्याय सांगणारी वाचा मात्र एकट्या मनुष्यास लाभली, असे त्याचे प्रतिपादन. आपल्याकडे मीमांसकांनी शब्द नित्य मानला, नैयायिकांनी तो आकाशाचा गुण व अनित्य ठरविला. नैयायिकांनी वक्ता आप्त आहे किंवा नाही हे पाहिले. परंतु त्याचा कंठ कोणी पाहिला नाही. इटलीच्या आड्रियाना काव्हारेरो या विदुषीने २००३ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात नेमका हाच आक्षेप घेतला. प्रत्येक कंठ अद्वितीय असता तत्त्वज्ञांनी त्यास अर्थाचे केवळ वाहन का मानावे, हा तिचा प्रश्न होय.

सोलापूर जिल्ह्यात या प्रश्नाचे एक जिवंत उदाहरण होऊन गेले. शाहीर अमर शेख, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल, यांचा जन्म २० ऑक्टोबर १९१६ रोजी बार्शी येथे झाला. लोकगीतांचा वारसा त्यांना आई मुनेरबी यांच्याकडून मिळाला. पहाटे खर्जाचे स्वर लावून दमसास वाढविणे, आकाराने कंठ मोकळा करणे, ही गवयांची साधना खरी. पण शेखांचा आवाज गिरणीकामगारांत घडला. ज्या साचेखात्यात मागांच्या खडखडाटामुळे शेजाऱ्याचे बोलणेही ऐकू येत नाही, ओठांच्या हालचालीवरून व हातवाऱ्यांवरून काम भागवावे लागते, तेथील माणसांचे गाऱ्हाणे बाहेर मैदानात येऊन त्यांनी उंच पट्टीत सांगितले. या मुलुखात मुक्तपणे बोलण्याची किंमत काय पडते हे लोक जाणून होते. १२ मे १९३० रोजी सोलापुरात लष्करी कायदा पुकारला गेला, आणि १२ जानेवारी १९३१ रोजी मल्लप्पा धनशेट्टी, कुर्बान हुसेन, जगन्नाथ शिंदे व श्रीकिसन सारडा हे चौघे येरवड्यास फाशी गेले. त्या वेळी शेख चौदा वर्षांचे होते. पुढे १९४४ साली अण्णाभाऊ साठे व द. ना. गव्हाणकर यांच्यासह त्यांनी लाल बावटा कलापथक उभे केले, आणि संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात तो आवाज गावोगाव पोहोचला.

येथे शंका अशी की, अर्थ बुद्धीस पटण्यापूर्वीच जो आवाज अंतःकरण व्यापतो, तो श्रोत्याचा विवेक हिरावून घेत नाही काय? शंका पोकळ नाही. १९३२ साली हिटलरने पाउल डेव्हरिएंट या गायकाकडून आवाजाचे रीतसर शिक्षण घेतले होते. श्वास कोठे घ्यावा, कंठ कसा राखावा, हे शास्त्र अधर्मासही तितक्याच इमानाने साथ देते. शेखांचीही गाणी एका पक्षाच्या प्रचारात राबली, आणि कोणताही पक्ष श्रोत्याने फार विचार करावा अशी इच्छा क्वचितच धरतो.

समाधान कंठात शोधू जाता सापडणार नाही. ते श्रोत्याच्या स्थानात आहे. पोवाड्यात शाहीर एकटा नसतो. झीलकरी त्याचा चरण उचलतात, सूर परत करतात, आणि पाहता पाहता सभेतील माणूसही ध्रुपद म्हणू लागतो. अर्थात एवढ्याने विवेक जागा झाला असे होत नाही; झुंडही एका सुरात गर्जते. ध्रुपद म्हणणाऱ्यास प्रश्नही विचारता आला पाहिजे.

या दृष्टीने श्रीनागदेवाचार्यांचे वर्तन पाहण्याजोगे आहे. सर्वज्ञांनी स्वतः ग्रंथ लिहिला नाही. त्यांचे बोलणे ऐकणाऱ्यांच्या स्मरणात राहिले, आणि म्हाइंभटांनी ज्याने जे ऐकले ते त्याच्याकडे जाऊन, विचारून विचारून जमविले. पुढे पंडितांनी संस्कृतात प्रश्न केला असता आचार्यांनी, आपणास स्वामींनी मराठीत निरूपण केले आहे, त्याच भाषेत विचारावे, असे सांगितले. केशिराजांनी संस्कृतात रचना करू नये, त्यायोगे आपल्या म्हाताऱ्या वंचित होतील, असेही त्यांनी बजावले. त्या म्हाताऱ्यांना अक्षरओळख किती होती कोण जाणे. पण ऐकून त्या शंका विचारीत, आणि आचार्यांना ते हवे होते.