न पाहिलेला शेवट : गुप्त समाप्ती आणि आस्वादकाची नीती

१

काही वर्षांपूर्वी पदव्युत्तर वर्गातील एका विद्यार्थिनीने चर्चासत्रासाठी 'अंडरटेल' या कथाप्रधान व्हिडिओ गेमवर निबंध लिहिला होता. निबंध चांगला होता. परंतु त्या खेळातील सर्वसंहाराचा मार्ग आणि त्याची समाप्ती यांविषयी त्यात एक अक्षरही नव्हते. कारण विचारले तेव्हा ती म्हणाली, "सर, तो शेवट मी पाहिलेला नाही आणि पाहणारही नाही. तिथे पोचायचं तर त्या सगळ्यांना मारावं लागतं." मग थोडे थांबून तिनेच विचारले, "तर मी ही कृती वाचली, असं म्हणता येईल का?" मी निबंधावर 'वाचन अपुरे' असा शेरा लिहिला आणि त्या प्रमाणात गुणही कमी दिले. आज तो शेरा मला बरोबर वाटत नाही. तो का बरोबर वाटत नाही, याचा शोध घेण्याचा प्रस्तुत लेखात प्रयत्न आहे.

प्रश्न वरवर पाहता साधा आहे. समीक्षकाने कृती संपूर्ण वाचावी, अर्धवट वाचून मत देऊ नये, हा आपल्या व्यवहारातील सर्वमान्य संकेत आहे. पण ज्या कृतीचा काही भाग एखादे कृत्य केल्याशिवाय उघडतच नाही, तिच्या बाबतीत 'संपूर्ण वाचणे' म्हणजे नेमके काय? आणि सर्व काही पाहण्याची इच्छा ही ज्ञानेच्छाच असल्यामुळे ती नैतिक दृष्ट्या निर्दोष असते, हे आपण कशाच्या आधारावर गृहीत धरतो?

२

छापील कादंबरीचे शेवटचे पान पहिल्या पानाइतकेच वाचकाच्या हातात असते. अधीर वाचक ते आधी वाचू शकतो. लेखक त्याला अडवू शकत नाही. व्हिडिओ गेममध्ये मात्र शेवट देणे वा न देणे संहितेच्याच अधीन असते. एस्पेन आर्सेथ यांनी 'सायबरटेक्स्ट' (१९९७) या ग्रंथात अशा संहितांचे एक लक्षण नोंदविले आहे : वाचक येथे जो मार्ग निवडतो त्यामुळे दुसरे मार्ग बंद होतात, आणि आपण काय गमावले हे त्याला पुष्कळदा कळतही नाही. गुप्त समाप्ती हे या लक्षणाचे टोकाचे रूप म्हणता येईल.

भारतीय काव्यशास्त्रात वाढलेल्या वाचकाला येथे ध्वनिविचाराची आठवण होणे स्वाभाविक आहे. व्यंग्यार्थही दडलेलाच असतो. परंतु दोहोंत एक मूलभूत भेद आहे. आनंदवर्धनाला अभिप्रेत असलेला व्यंग्यार्थ सर्वांसमोर असलेल्या शब्दांतूनच प्रतीत होतो. तो कोणाला प्रतीत होईल हे सहृदयाच्या तयारीवर अवलंबून असते. गुप्त समाप्ती मात्र सहृदय आणि अरसिक यांच्यात भेद करीत नाही. तिची अट पुरी करणाऱ्या कोणालाही ती दिसते आणि पुरी न करणाऱ्या परम रसिकालाही दिसत नाही. ध्वनी समजुतीने उलगडतो, गुप्त समाप्ती कृतीने उघडते. म्हणूनच तिच्यासंबंधीचा प्रश्न अखेरीस सौंदर्यशास्त्राच्या मर्यादेत राहत नाही, तो नीतिशास्त्रात शिरतो.

सर्वच गुप्त समाप्तींच्या बाबतीत असे घडते, असे मात्र नव्हे. 'क्रोनो ट्रिगर' (१९९५) या जपानी खेळात दहाहून अधिक शेवट आहेत. खेळ एकदा पूर्ण केल्यावर मिळवलेल्या सामर्थ्यासह तो पुन्हा आरंभता येतो, आणि अंतिम शत्रूचा पराभव कथेच्या कोणत्या टप्प्यावर केला यावरून शेवट ठरतो. त्यांपैकी एका शेवटात तर खेळाच्या कर्त्यांचीच भेट होते. येथे गुप्तता हे कौशल्याचे पारितोषिक आहे. मूल शेजारच्या आवारातील चिंचा पाडते, तितकाच निर्मळ आनंद त्यात आहे. प्रश्न बिकट होतो तो अट कौशल्याची न राहता शीलाची होते तेव्हा.

३

'सायलेंट हिल २' (२००१) या कोनामीच्या खेळाचा नायक जेम्स याला आपल्या मृत पत्नीचे पत्र येते आणि तिच्या शोधात तो एका धुक्याने वेढलेल्या निर्जन गावात येतो. तेथे पत्नीसारखीच दिसणारी मारिया त्याला भेटते. आजारी पत्नीचा जीव आपणच घेतला होता, हे सत्य त्याच्यासमोर अखेरीस येते. त्यानंतर तो गाव सोडून पुढे जाईल, आत्मनाश करील, की मारियाच्या आभासातच रमेल, हे खेळ ठरवतो. पण कशावरून? खेळाडूला कोठेही स्पष्ट प्रश्न विचारला जात नाही. तो जखमांवर वेळीच उपचार करतो की जखमी अवस्थेतच फिरत राहतो. पत्नीचे छायाचित्र आणि पत्र काढून पाहतो की नाही. अँजेला या दुःखी तरुणीकडून आलेला सुरा पुन्हा पुन्हा न्याहाळतो काय. मारियाच्या किती जवळ राहतो. अशा बारीकसारीक वर्तनाची नोंद खेळ मुकाट्याने करीत असतो आणि तिच्या आधारे शेवट देतो.

ही योजना विलक्षण आहे. आपली परीक्षा चालू आहे हे माहीत नसताना माणूस जे करतो, त्यातच त्याचे मन दिसते, असा तिचा आधार आहे. लोकमान्य टिळकांनी 'गीतारहस्या'त (१९१५) कृत्याची योग्यता केवळ बाह्य परिणामावरून ठरत नाही, कर्त्याच्या बुद्धीवरून ठरते, असे जे प्रतिपादन केले आहे, त्याच्याशी ती जुळणारी आहे. संगणकाला बुद्धी दिसत नाही, हे उघड आहे. पण निर्हेतुक वर्तनाच्या खुणांवरून तिचा अदमास घेण्याची धडपड या खेळात आहे.

आता याच खेळासाठी कोणी मार्गदर्शिका हाताशी घेतली, तर काय होते पाहा. अमुक शेवट हवा असेल तर छायाचित्र पाहा, जखमा लगेच बऱ्या करा, अशी यादी त्याच्यापुढे असते. तो छायाचित्र उघडतो, पण पत्नीच्या आठवणीने नव्हे. यादीतले एक कलम पुरे करण्यासाठी. बाह्य कृत्य तेच आहे, दिसणारा शेवटही तोच आहे. बुद्धी मात्र पालटलेली आहे. खेळाने शोक म्हणून जे मोजले, तो केवळ हिशेब होता. म्हणजे गुप्त समाप्ती उघडण्याच्या प्रयत्नात खेळाडूने ती ज्याची खूण होती ते पुसून टाकले. दृश्य त्याला मिळाले, अर्थ निसटला.

येथे मम्मटाच्या एका वर्गीकरणाचा उपयोग होतो. गुणीभूतव्यंग्याचे प्रकार सांगताना त्याने 'अगूढ' आणि 'अस्फुट' असे दोन प्रकार मानले आहेत. व्यंग्य फारच उघड असले तरी त्याचे प्राधान्य जाते आणि सहृदयालाही सहजी न उमगण्याइतके अस्पष्ट असले तरी जाते. गुप्त समाप्तीची कोंडी नेमकी हीच आहे. अट कोणालाही न कळणारी असेल तर शेवट यदृच्छेने आल्यासारखा वाटतो; सर्वांना कळणारी असेल तर त्याचा व्यवहार होतो.

४

'अंडरटेल' (२०१५) हा टोबी फॉक्स यांनी बव्हंशी एकहाती घडवलेला खेळ ही कोंडी वेगळ्या रीतीने हाताळतो. भूगर्भात कोंडलेल्या प्राण्यांच्या राज्यात एक मानवी मूल पडते, अशी त्याची कथा आहे. अशा खेळांच्या रूढ संकेतानुसार भेटेल त्याला मारता येते. पण एकालाही न मारता खेळ पूर्ण करता येतो. सर्वांशी मैत्री करून मिळणारी समाप्ती उबदार आहे. वस्तुतः तेथे कथा संपलेली असते. तरीही खेळाडूच्या मनात विचार येतो : उलट केले असते तर? यांनाच मारले असते तर ते काय बोलले असते?

फॉक्स यांनी या विचारालाच आपल्या कृतीचा विषय केले आहे. खेळ मागच्या टप्प्यावर नेऊन झालेली हत्या टाळली, तरी फ्लावी नावाचे बोलके फूल ती विसरत नाही. आणि सर्वसंहाराचा मार्ग तर मुद्दाम कंटाळवाणा ठेवलेला आहे. वाटेत भेटलेल्यांना मारून भागत नाही. एकेका प्रदेशात येरझारा घालून, उरलेला शेवटचा प्राणी शोधून मारावा लागतो. क्रोध किंवा भय यांची सबब तेथे टिकत नाही. एकच प्रेरणा उरते : पुढे काय आहे ते पाहायचे आहे. अखेरीस जग नष्ट होते. ते परत हवे असेल तर खेळाडूला आपला आत्मा देऊ करावा लागतो. त्यानंतर कितीही सदाचाराने खेळले तरी मैत्रीची समाप्ती पूर्वीसारखी निर्मळ राहत नाही. मित्रमंडळींच्या छायाचित्रात त्यांचे चेहरे खोडलेले आढळतात.

यावर एक आक्षेप सहज घेता येईल. येथे कोणाचाही जीव गेलेला नाही. डेस्डिमोनाचा मृत्यू पाहण्यासाठी प्रेक्षक नाट्यगृहात जातो म्हणून त्याला कोणी खुनी म्हणत नाही. मग पडद्यावरील चित्रे पुसणाऱ्याला दोष का द्यावा? आक्षेप रास्त आहे आणि त्याचा स्वीकार करूनच पुढे जायला हवे. खेळाडूने हत्या केलेली नाही. पण त्याने दुसरे काहीतरी केले आहे. ऑथेल्लोचा हात प्रेक्षकाच्या इच्छेने उचलला जात नाही. येथे प्रत्येक प्रहारासाठी खेळाडूची इच्छा लागते, आणि ती शेकडो वेळा लागते. ज्यांच्याशी त्याने काल मैत्री अनुभवली, त्यांच्याकडे आज तो न उघडलेली दारे म्हणून पाहतो. दुखावले जाते ते पात्र नव्हे. पात्राला पात्र म्हणून पाहण्याची आस्वादकाची क्षमता दुखावली जाते. आपण जिला सहृदयता म्हणतो, ती हीच असेल तर हानी काल्पनिक नाही.

दुसरा आक्षेप आपल्या व्यवसायातून येतो. सामान्य खेळाडूने काहीही करावे. समीक्षकाला सर्व जाणणे भागच आहे. मीही याच आधारावर तो शेरा लिहिला होता. शिवाय तो लिहिण्यापूर्वी, अभ्यास म्हणून, मी तो मार्ग शेवटपर्यंत खेळलो होतो. प्रामाणिकपणे सांगायचे तर तिसऱ्या प्रदेशापासून पुढे मी टिपणे घेणे सोडून दिले होते. मला फक्त पोचायचे होते. 'अभ्यास' हे माझ्या कुतूहलाला मी दिलेले सभ्य नाव होते. स्वतः न मारता दुसऱ्याने केलेल्या खेळाचे चित्रण पाहावे, ही पळवाटही फॉक्स यांनी मोकळी ठेवलेली नाही. अशा बघ्यांची संभावना ते फूल मारणाऱ्यांहूनही हीन म्हणून करते.

५

सर्व काही पाहण्याची ही तहान किती बळकट असते, याचे एक उदाहरण बोलके आहे. योको तारो यांनी दिग्दर्शित केलेल्या 'निअर : ऑटोमेटा' (२०१७) या खेळात रोमन लिपीतील अक्षरांच्या क्रमाने सव्वीस शेवट आहेत. तरीही २०२२ साली, कोणालाच न सापडलेले एक चर्च या खेळात दडलेले आहे, अशा वार्तेने जगभरचे खेळाडू झपाटून गेले. ते चर्च काही चाहत्यांनी स्वतः घडवून जोडलेले होते, हे नंतर उघड झाले. सव्वीस शेवट पाहिलेल्यांनाही सत्ताविसावे दार हवेच होते.

या पार्श्वभूमीवर त्याच खेळातील मुख्य पाच समाप्तींपैकी अखेरची समाप्ती पाहण्याजोगी आहे. श्रेयनामावली पडद्यावर सरकत असताना तिच्याशीच झुंजावे लागते. एकट्याने जिंकणे जवळजवळ अशक्य होते, तेव्हा अनोळखी खेळाडूंची मदत देऊ केली जाते आणि तिच्या बळावर शेवट गाठता येतो. मग खेळ विचारतो : तुझ्यासारख्याच एखाद्या अनोळखी माणसाला मदत व्हावी म्हणून तू तुझ्या खेळाची सर्व नोंद पुसून टाकशील काय? तो माणूस तुला न आवडणाराही असू शकेल, याची जाणीवही तो देतो. होकार दिला, तर कित्येक तासांच्या श्रमाने जमवलेले सर्व डोळ्यांदेखत पुसले जाते.

याला निष्काम कर्म म्हणावे काय? येथेही मार्गदर्शिका आधीच वाचलेली असू शकते. त्यागाचे दृश्य पाहण्यासाठीच त्याग केलेला असू शकतो. तरीही एक फरक उरतो. 'सायलेंट हिल २'मध्ये हिशेबी खेळाडूला शोकाची किंमत न देता शोकाची समाप्ती मिळते. येथे हेतू कोणताही असो, नोंद खरोखरच जाते. योको तारो यांनी बुद्धीची परीक्षा घेण्याचा नाद सोडून किंमत खरी केली आहे. आणि ती किंमतही अर्थपूर्ण आहे : सर्व पाहिल्याचा पुरावाच द्यावा लागतो. समग्रतेच्या हव्यासाला ही कृती समग्रता सोडण्याची वाट दाखवते.

६

आता त्या विद्यार्थिनीच्या प्रश्नाकडे परत यावे. वाचनाच्या पूर्णतेचे दोन अर्थ आपण एकत्र करतो. संहितेचा प्रत्येक अंश डोळ्यांखालून गेला, हा एक अर्थ. संहितेने वाचकाला जे विचारले त्याला वाचकाने उत्तर दिले, हा दुसरा. छापील ग्रंथाच्या बाबतीत पहिल्यावाचून दुसरा सहसा संभवत नाही, म्हणून आपल्याला दोहोंत भेद करण्याची गरज पडली नाही. जी कृती आपल्या वाचकाला 'तू हे केवळ पाहण्यासाठी करशील काय?' असे विचारते, तिच्या बाबतीत मात्र हे दोन अर्थ परस्परांविरुद्ध उभे राहू शकतात. तेथे नकार हेही उत्तर असते, आणि नकार देणाऱ्याला एक दृश्य कमी दिसणे हा त्या उत्तराचाच भाग असतो.

याचा अर्थ न वाचणे हाच वाचनाचा आदर्श, असा कोणी घेऊ नये. आळसाने सोडलेले पान आणि जाणून न उघडलेले दार यांत अंतर आहे, आणि ते दाखवण्याची जबाबदारी सोडणाऱ्यावर आहे. त्या मुलीने आपल्या निबंधात याविषयी मौन पाळले. नकाराचे कारण तिने लिहायला हवे होते, एवढी त्रुटी मी आजही मानतो. परंतु माझ्या शेऱ्यात अपुरेपणाचे जे माप होते, ते चुकीचे होते. तिने न पाहिलेला शेवट मी पाहिला आहे, आणि त्यात काय आहे ते मी कोणालाही सांगू शकतो. ती मैत्रीची समाप्ती मात्र तिच्याकडे अजून अखंड आहे. माझ्या प्रतीतील छायाचित्रात चेहरे खोडलेले आहेत. खेळाच्या फाइली शोधून ती नोंद पुसता येते, हे मला ठाऊक आहे. मी ती अद्याप पुसलेली नाही.