त्याचे नाव गोन्सालो



काही महिन्यांपूर्वी एक तरुण जोडपे बाळाच्या स्नानसंस्काराची नोंद करायला आले होते. सोबत बाळाची पणजी होती. नाव विचारताच वडील म्हणाले, "गोन्सालो. माझ्या आजोबांचं नाव, फादर." मी पेन उचलले, तोच आजीबाईंनी जन्मदाखला पुढे सरकवला. त्यावर इंग्रजीत 'एस'च्या जागी 'झेड' पडला होता. "वाचून बघा, गोन्झालो होतं की नाही? ह्यांचं नाव असं नव्हतं हो," असे म्हणताना त्यांचे डोळे भरून आले.

बाळाच्या आईची अडचण वेगळी होती. तिच्या माहेरचे म्हणत होते, इतके जुने नाव कशाला? शाळेत मुले 'गोणी' म्हणून चिडवतील. एखादे सुटसुटीत नाव ठेवा आणि मोकळे व्हा.

त्या दिवशी कचेरीत मी त्यांना जे सांगितले, तेच आज थोडे विस्ताराने आपल्यापुढे ठेवत आहे.

हे नाव आले पोर्तुगालहून, पण मूळचे तिथलेही नव्हे. पाचव्या शतकात व्हिसिगॉथ नावाच्या जर्मन वंशाच्या टोळ्या स्पेन-पोर्तुगालच्या भूमीत उतरल्या आणि आपली नावे मागे ठेवून गेल्या. फर्नांडो, रॉड्रिगो ही त्यांचीच देणगी. जुन्या लॅटिन कागदांत आपले नाव 'गुंदिसाल्वुस' असे येते. त्यातील 'गुंद' म्हणजे युद्ध. दुसऱ्या भागावर पंडितांचा वाद आहे, तो त्यांच्याकडेच राहू द्या. पोर्तुगीज भाषेत हे नाव लिहिताना 'सी' अक्षराखाली एक छोटी शेपटी काढतात, म्हणजे त्याचा उच्चार 'स' होतो. शेपटी गळाली तर 'गोन्कालो' होईल. इंग्रजी लिहिणाऱ्यांकडे ती शेपटी नाही, म्हणून आपल्याकडे 'एस' आला. स्पॅनिश लोक आज 'झेड' लिहितात. दाखल्यावरचा 'झेड' अगदीच आकाशातून पडलेला नव्हता तर! आपल्या रत्नागिरीत ब्रह्मदेशाचा राजा तीस वर्षे बंदिवासात राहिला आणि १९१६ साली इथेच वारला. त्याच्या देशात तो 'थीबो', आपल्या तोंडी 'थिबा'. नावे प्रवास करतात, तेव्हा थोडी झिजतातच.

गंमत पाहा, गोन्सालो हे नाव ऐकून नाक मुरडणाऱ्यांच्या शेजारी कितीतरी गोन्साल्विस राहतात. गोन्साल्विस म्हणजे गोन्सालोचा मुलगा. तसाच फर्नांडोचा फर्नांडिस, रॉड्रिगोचा रॉड्रिग्ज. बापाचे नाव आडनाव होऊन दारावरच्या पाटीवर बसले आणि पाळण्यातून मात्र नाहीसे झाले. परक्यांनी दिलेली नावे म्हणून आपल्यातील काहींना ती खुपतात, हेही मला ठाऊक आहे. चर्चचा कायदा याबाबत उदार आहे. त्याचे ८५५वे कलम एवढेच सांगते की नाव ख्रिस्ती भावनेला परके नसावे. अमोल, प्रीती ही नावेही मी आनंदाने नोंदवतो. पण गोन्सालो हे नाव परके म्हणायला माझी जीभ रेटत नाही. त्याला कारण आहे आपल्या कोकणकिनाऱ्यावरचाच एक मुलगा.

संत गोन्सालो गार्सिया यांचा जन्म १५५६-५७च्या सुमारास वसईला झाला. वडील पोर्तुगीज सैनिक, आई वसईची. किल्ल्यात येशूसंघीय धर्मगुरूंपाशी ते शिकले. त्या धर्मगुरूंचे चर्च 'येशूच्या पवित्र नामा'ला वाहिलेले होते. आज त्या वास्तूला लोक गोन्सालो गार्सियांचे चर्च म्हणून ओळखतात. किशोरवयात ते येशूसंघीयांबरोबर जपानला गेले, तिथली भाषा आत्मसात केली आणि सुमारे आठ वर्षे धर्मशिक्षकाचे काम केले. संघात प्रवेश मिळावा ही त्यांची मोठी इच्छा. ती मान्य झाली नाही.

इथे क्षणभर थांबू या. ज्यांच्यासाठी तारुण्य वेचले, त्यांनीच दार उघडले नाही, हे दुःख आपल्यापैकी अनेकांना ओळखीचे असेल. असे झाले की आपण चर्चला येणेच सोडतो. गोन्सालो दुखावले नसतील असे मी म्हणत नाही. त्यांनी व्यापार धरला, पैसाही चांगला मिळवला. पण देवाचे बोलावणे काही त्यांच्या कानांतून गेले नाही. मनिला येथे ते फ्रान्सिस्कन संघात साधे बंधू म्हणून दाखल झाले. १५९३ साली पेद्रो बाप्तिस्ता यांच्याबरोबर ते पुन्हा जपानला गेले, ते दुभाषी म्हणून. सत्ताधीश हिदेयोशीने धर्मप्रचारकांना देश सोडण्याचा हुकूम १५८७ सालीच काढलेला होता. त्याच्यासमोर उभे राहून बोलायचे ते गोन्सालोंनी. नावात युद्ध होते, बाप सैनिक होता आणि मुलाचे हत्यार काय, तर परक्या भाषेतले शब्द!

१५९६च्या अखेरीस त्यांना अटक झाली. क्योटोत कानाची पाळी कापून कैद्यांची धिंड काढली. मग ऐन हिवाळ्यात जवळजवळ महिनाभर चालवत त्यांना नागासाकीला नेले आणि ५ फेब्रुवारी १५९७ रोजी क्रुसांवर बांधून भाल्यांनी भोसकले. एकूण २६ जण होते. सर्वांत लहान होता अवघ्या बारा वर्षांचा लुईस. ८ जून १८६२ रोजी पोप नववे पायस यांनी या सर्वांना संतपद दिले. भारतात जन्मलेल्यांपैकी संतपदाला पोहोचलेले गोन्सालो पहिले. नागासाकीच्या त्या टेकडीवर १९६२ पासून २६ ब्राँझचे पुतळे एका ओळीत उभे आहेत. त्यांत आपला वसईकरही आहे.

संत लूकच्या पहिल्या अध्यायात शेजारी-पाजारी बाळाच्या नावावरून असेच वाद घालतात. तुमच्या घराण्यात हे नाव कुणाचे नाही, असे म्हणतात. एलिझाबेथ त्यांचे ऐकत नाही. जखऱ्याला तर वाचाच नव्हती. तो पाटीवर नाव लिहून देतो आणि त्यानंतर त्याची जीभ मोकळी होते. आमच्या कचेरीत वाद उलटा होता. नाव घराण्यातले होते, म्हणूनच नको होते!

आता थोडे व्यवहाराचे. स्नानसंस्काराचा आणि जन्माचा दाखला यांत एका अक्षराचा फरक राहिला, तर पुढे शाळा आणि पासपोर्टसाठी खेटे घालावे लागतात. जन्म-मृत्यू नोंदणीच्या १९६९च्या कायद्यातील १५व्या कलमात अशा चुकीच्या दुरुस्तीची सोय आहे. मी त्या तरुणाला अर्ज लिहून दिला. दोन-तीन हेलपाटे पडले, पण 'एस' परत आला.

गेल्या रविवारी चर्चच्या दारात ते सर्व जण उभे होते. माहेरची मंडळीही आली होती. विधीप्रमाणे मी आईवडिलांना विचारले, "बाळाचे नाव काय ठेवता?" त्यांनी तोंड उघडण्याआधीच मागून आजीबाईंचा खणखणीत आवाज आला, "गोन्सालो!"