संशय करणारे आणि शोधणारे

मूल नाहीसं होतं, आई किंवा बाप वेडापिसा होतो, पोलीस कुचकामी निघतात, शेजाऱ्यापासून डॉक्टरपर्यंत प्रत्येक जण संशयित ठरतो आणि शेवटच्या वीस मिनिटांत भलताच गुन्हेगार समोर येतो. या साच्यातले मानसशास्त्रीय थरारपट आता हिंगोलीतही मोबाइलवर ढिगाने पाहिले जातात. त्यांच्यावर लिहिणारे एक वाक्य हमखास लिहितात: असे चित्रपट पालकांना जागं करतात. माझं भांडण या वाक्याशी आहे. ‘सिनेमा म्हणजे नुसती करमणूक’ म्हणणाऱ्यांशी वाद घालण्यात वेळ घालवू नये, आणि अशा चित्रपटांवर बंदी मागणाऱ्यांशी तर मुळीच नाही.

जागं करतात म्हणजे नेमकं काय करतात? गुन्हेगार शेवटी कुणीही निघो, दोन तास प्रेक्षकाकडून एकच काम करून घेतलं जातं: समोर येणाऱ्या प्रत्येकाकडे वाकड्या नजरेने पाहण्याचं. ही नजर आपल्याकडे आधीच तयार आहे. 1 जुलै 2018 रोजी धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात, भर आठवडी बाजारात, मुलं पळवणारी टोळी समजून नाथपंथी डवरी गोसावी समाजाच्या पाच भिक्षेकऱ्यांना जमावाने ग्रामपंचायतीच्या खोलीत ठेचून मारलं. त्यातले बहुतेक सोलापूर जिल्ह्यातून पोट भरायला आले होते. त्यांनी कुणाचंही मूल पळवलं नव्हतं. हे सिनेमाने घडवलं असं मी म्हणत नाही. मोबाइलवर फिरणाऱ्या अफवांनी घडवलं. पण राईनपाड्यात त्या दिवशी सावध पालकांची वानवा नव्हती, एवढं तरी ‘जागृती’वाल्यांनी मान्य करावं.

यावर ते करण तेजपाल यांच्या ‘स्टोलन’चा दाखला देतील. रेल्वे फलाटावरून तान्हं मूल चोरीला जातं आणि अफवेने पेटलेला जमाव भलत्यांच्याच मागे लागतो. चित्रपट प्रामाणिक आहे. तरीही पाहता पाहता आपला जीव मूल गमावलेल्या मजूर आईऐवजी गाडीतल्या दोन शहरी भावांसाठी टांगणीला लागतो. थरार म्हटला की पाठलाग आला, आणि पाठलागात आई मागे पडते.

ही मागे पडलेली आई प्रत्यक्षात कशी असते ते पाहा. हिंगोली जिल्ह्यातल्या सेनगाव-कळमनुरीकडच्या वाड्या-तांड्यांवरून दसरा-दिवाळीच्या सुमारास ऊसतोडीच्या टोळ्या निघतात. मुकादमाची उचल घेतलेली असते, जोडप्याचा एक कोयता धरलेला असतो, लेकरं बैलगाडीत नाहीतर ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत. अशा घरातलं दहा-बारा वर्षांचं पोरगं कारखान्यावरच्या कोपीतून दिसेनासं झालं, तर आईला संशय कुणाचा घ्यायचा हे ठरवायचं नसतं; कोणतं ठाणं गाठायचं हे ठरवायचं असतं. तिथे हद्दीचा वाद निघतो. गावाकडचे म्हणतात, जिथे हरवलं तिथे जा. तिथले म्हणतात, दोन दिवस वाट पाहा, येईल. मग वर्णन. रंग सावळा, बांधा सडपातळ, चेहरा गोल. उंची किती? ती हात कमरेच्या जरा वर धरून दाखवते. फोटो? कुणाच्या तरी लग्नातला, मांडवाच्या खांबाआड अर्धा चेहरा.

10 मे 2013 रोजी सर्वोच्च न्यायालयाने ‘बचपन बचाओ आंदोलन’च्या याचिकेवर सांगितलं की, मूल हरवल्याची तक्रार आली की गुन्हा नोंदवा आणि अपहरण किंवा मानवी तस्करी गृहीत धरून तपास करा. चार महिन्यांत मूल सापडलं नाही तर प्रकरण मानवी तस्करीविरोधी पथकाकडे द्यायचं असतं. हद्द कुणाचीही असो, शून्य क्रमांकाने गुन्हा नोंदवता येतो. पालकांना जागं करायचंच असेल तर हे सांगा. पण यात थरार नाही.

म्हणून मला शोधाचे आणि संशयाचे चित्रपट वेगवेगळ्या फळीवर ठेवावेसे वाटतात. अनुराग कश्यप यांचा ‘अग्ली’ संशयाच्या फळीवरचा, पण संशय म्हणजे शोध नव्हे हे ओळखून असलेला. गिरीश कुलकर्णींचा इन्स्पेक्टर जाधव हरवलेल्या मुलीचं सोडून, फोन आला की पडद्यावर फोटो कसा दिसतो याचीच चौकशी करत बसतो. बाप, सावत्र बाप, मित्र सगळे एकमेकांचा हिशेब चुकता करत राहतात आणि तेवढ्यात मुलगी हातची जाते. तिला कुणी शोधतच नाही. त्याच्या अनुकरणकर्त्यांनी मात्र त्यातला अंधार तेवढा उचलला.

शोधाच्या फळीवर मी रिची मेहता यांचा ‘सिद्धार्थ’ ठेवतो. दिल्लीत चेन दुरुस्त करत फिरणारा बाप बारा वर्षांच्या मुलाला लुधियानाच्या कारखान्यात कामाला धाडतो, दिवाळीला मूल परत येत नाही. कुणीतरी ‘डोंगरी’ एवढं नाव सांगतं आणि ती कुठे आहे हे माहीत नसलेला माणूस पैपैसा जोडत मुंबई गाठतो. त्याचा वैरी कुणी नाही. त्याला भेटणारे बरेच लोक भलेही आहेत. मूल सापडत नाही, आणि बाप पुन्हा चेन दुरुस्त करायला बाहेर पडतो. यापेक्षा भेदक मानसशास्त्र मला कुठल्याही धक्कातंत्रात दिसलेलं नाही.

पडद्याबाहेरच्या शोधासाठी मात्र एक करता येईल. ऊसतोड कामगारांची नोंदणी करून ओळखपत्रं देण्याचं काम ग्रामसेवकांकडे (आताचे ग्रामपंचायत अधिकारी) आहे. टोळीबरोबर जाणाऱ्या प्रत्येक मुलाचं नाव आणि ताजा फोटो त्याच नोंदीत असावा, अशी मागणी हिंगोलीतल्या ग्रामसभांनी यंदाच्या दसऱ्याआधी करावी.