न घडलेल्याचे व्हाउचर

माणसाने मोजायचे म्हणून काही शिल्लक ठेवलेले नाही. ताप मोजतो, रक्तदाब मोजतो, भूकंप मोजतो. लग्नात रुसलेल्या मामांचा राग मोजायचे यंत्र तेवढे निघायचे राहिले आहे. त्यातच परवा माझ्या भाच्याने एका नव्याच यंत्राची बातमी आणली. नवे म्हणजे अजून कुणी बनवलेले नाही, पण विज्ञानकथांतून धडाक्याने चालते म्हणे. भिंतीवर टांगायचे. वास्तव कितपत घट्ट बसले आहे ते त्याचा काटा दाखवतो. काटा हलला की समजायचे, आपण काळाच्या एका रुळावरून दुसऱ्या रुळावर घसरलो!

"मामा, झोपलात एका जगात आणि उठलात दुसऱ्यात, तरी तुम्हाला कळेल!"

मी म्हटलं, "बाबा रे, आपण गडबचे. मुंबई-गोवा रस्त्यावर राहणाऱ्याला हे यंत्र काय कामाचं? चौपदरीकरण 2011 साली सुरू झालं, तेव्हा तू बालवाडीत होतास. वाट बघता बघता तुला मिशी फुटली. इथे काटा हलला तरी लोक म्हणतील, खड्ड्यामुळे हलला."

पण चेष्टा सोडा. मराठी वाचकाला ही कल्पना परकी नाही. जयंत नारळीकरांच्या 'गंगाधरपंतांचे पानिपत' या कथेत इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत अपघातानंतर अशा जगात जाऊन पोचतात, जिथे पानिपतावर मराठे जिंकलेले आहेत. 14 जानेवारी 1761 ला विश्वासरावांना गोळी लागली, हा आपला इतिहास. तिकडे ती कानाजवळून निघून गेली. बस्स, एवढाच फरक! आणि पुरावा काय, तर गंगाधरपंतांच्या खिशात राहिलेले एका बखरीचे फाटके पान. आमच्या बँकेत रजिस्टरचे पान फाटलेले सापडले तर चौकशी लागते. पंतांना त्यातून अख्खे जग सापडले.

एवढ्याशा फरकाने एवढे होते का? होते. 1961 साली एडवर्ड लॉरेन्झ हे अमेरिकन हवामानशास्त्रज्ञ संगणकावर हवामानाचे गणित करीत होते. तेच गणित मधून पुन्हा चालवताना त्यांनी 0.506127 ऐवजी 0.506 एवढेच घातले. थोड्याच वेळात पडद्यामागचे हवामान पार वेगळे निघाले. आम्ही कारकून मंडळी व्याज जवळच्या रुपयात धरतो आणि घरी जाऊन शांत झोपतो. वाचल्यापासून माझी झोप थोडी कमी झाली आहे. असे ढळणे किती वेगाने वाढत जाते ते मोजायचा खराखुरा आकडा गणितात आहे. 1892 मध्ये गतीच्या स्थैर्यावर प्रबंध लिहिणाऱ्या ल्यापुनॉव्ह या रशियन गणितज्ञाचे नाव त्याला दिलेले आहे. म्हणजे भाच्याचे यंत्र अगदीच थाप नव्हे.

खरी भानगड पुढेच आहे. ह्यू एव्हरेट नावाच्या अमेरिकन भौतिकशास्त्रज्ञाने 1957 साली मांडले, की जे जे शक्य ते सगळेच घडते, फक्त वेगवेगळ्या फांद्यांवर. शास्त्रज्ञ यावर अजून भांडताहेत. मी भांडत नाही, पण बँकेचा माणूस म्हणून घाबरतो. उद्या थकबाकीदार समोर बसून म्हणाला, "साहेब, दुसऱ्या फांदीवर मी सगळं फेडलंय," तर? हप्ता या फांदीवर भरायचा असतो, हे त्याला कुठल्या परिपत्रकाचा आधार घेऊन सांगू? तिकडे मी सज्जन आहे, हे समाधान फार स्वस्तात मिळते. इकडच्या माणसाला त्याचा दमडीचा उपयोग नाही.

आमच्या पेण तालुक्यातही असा एक फाटा फुटला होता. 21 सप्टेंबर 2008 रोजी हेटवणे धरणाच्या लाभक्षेत्रातल्या 22 गावांत शेतकऱ्यांना मत विचारले गेले, महामुंबई सेझला जमिनी द्यायच्या की नाही. तो सेझ काही उभा राहिला नाही. चहाच्या टपरीवर अजून वाद रंगतो. एक म्हणतो, "झाला असता तर पोरं इथंच नोकरीला लागली असती." दुसरा म्हणतो, "आणि भात काय काचेच्या इमारतीत पिकवला असता?" दोघांच्याही खिशात आपापले यंत्र, आणि दोघांचेही काटे अगदी ठाम! झालेल्याचा हिशेब मांडताना जो माणूस दहादा अडखळतो, तो न झालेल्याचा हिशेब मात्र पैशापर्यंत जुळवून दाखवतो.

आता बांधाचे सांगतो. गडबकडून खाली उतरलात की भाताची खाचरे, पुढे खारबांध आणि बांधापलीकडे खाडी. बांधात चिंबोरी बीळ करते. बीळ एवढेसेच, पण पुनवेच्या उधाणाला पाणी त्यातून वाट काढते, माती सुटते आणि बांधाला खांड जाते. एकदा खारे पाणी शेतात शिरले की दोन-तीन वर्षे भात नाही. म्हणजे विश्वासरावांची गोळी आमच्याकडे दर उधाणाला सुटते. ती चुकते, कारण कुणीतरी संध्याकाळी बांधावरून चक्कर मारते.

एकदा आमच्या शेजारचे नाना गुडघ्यापर्यंत चिखलात माखून येताना दिसले. मी विचारलं, "काय झालं नाना?"

"काय नाय. बीळ बुजवलं."

'काय नाय' हे अगदी बरोबर होते. काही झालेच नव्हते. आणि जे झाले नाही त्याचे व्हाउचर निघत नाही. व्हाउचर नाही तर नोंद नाही. कुठल्या खात्यात घालायची ते न कळलेली रक्कम आम्ही तात्पुरती सस्पेन्स खात्यात ठेवतो. पण तिथेही निदान रक्कम तरी लागते. नानांची टोपलीभर माती कुठे जमा करायची? ते यंत्र कुणी केलेच, तर त्याचा काटा याच कामाला लावावा असे मला वाटते. पानिपत राहू दे.

नानांचे स्वतःचे शेत वरच्या अंगाला आहे, हे मला मागाहून कळले. तिथवर खारे पाणी पोचतच नाही. त्या बिळाला लागून जे खाचर आहे, ते आमच्या शाखेच्या एका कर्जदाराचे. त्याचा पीककर्जाचा भरणा दरवर्षी वेळेवर येतो. 'खाते नियमित' असा शेरा त्यावर मीच मारलेला आहे.